नाव कापलेली रिळे

मी एक जुना प्रोजेक्टर आहे. मित्रांनो, इतके जवळ येऊ नका. तुमच्यापैकी कोणाच्या खिशात पेचकस नाही ना? माझे भिंग काढून नेणारेही असेच गोड हसत आले होते.

मला विलायतेत घडवले म्हणतात. त्याचीही मला खात्री नाही. माझी उमेदीची वर्षे गेली कुंभकोणमला, कावेरीकाठच्या तुकोजीरावांच्या सिनेमाच्या तंबूत. तंजावरच्या मराठी राजांबरोबर आलेले त्यांचे घराणे. घरात जुन्या वळणाची मराठी, बाहेर तमिळ. तिकिटे त्यांची बहीण मंगलाबाई फाडत.

आमच्याकडे इटलीची चित्रे येत. तलवारी, भुते, विषाचे पेले! ती सगळी एकाच माणसाने काढलेली आहेत, हे मी ओळखले होते. दुष्ट माणसाच्या आधी त्याची सावली येई आणि दाराशी थबके. मंगलाबाईंनीही ते हेरले होते. "अण्णा, हें बी त्याचेंच," त्या म्हणत. पण तो कोण, हे कोणालाच ठाऊक नव्हते. परकी अक्षरे दिसली की जमिनीवर बसलेले प्रेक्षक शिट्ट्या मारत. म्हणून रीळ आले की तुकोजीराव आधी नावांचा तुकडा कापून फेकून देत. चित्र थेट तलवारीनेच सुरू होई.

पुढे रिळे पाठवणारा व्यापारी बुडाला आणि त्या सावलीवाल्या माणसाची तीन चित्रे आमच्याकडेच राहिली. तेव्हापासून प्रत्येक अनोळखी माणूस ती परत न्यायला आला, असेच तुकोजीरावांना वाटे. मलाही.

१९५७ साली एका सकाळी मद्रासहून कृष्णमूर्ती नावाचे गृहस्थ आले. "जुस्तो बेल्लारींची चित्रे आहेत का तुमच्याकडे? महायुद्धात मी फौजेबरोबर इटलीत होतो. त्यांनी मला घरात लपवले म्हणून वाचलो. आता ते अंथरुणाला खिळलेत. त्यांच्या चित्रांच्या तिकडच्या प्रती जळाल्या. कोणी त्यांना ओळखतही नाही."

एका म्हाताऱ्यासाठी कोणी एवढी पायपीट करतो? मला काही पटेना.

"हे नाव कधी ऐकले नाही," तुकोजीराव तमिळमध्ये म्हणाले. ते खरेच होते.

मंगलाबाई मराठीत कुजबुजल्या, "अण्णा, तो सावलीवाला तर नव्हे? एक रीळ लावून दावा कीं."

"तूं उगी ऱ्हा. रिळें न्यायाला आला हा मनुष."

पाहुणे कॉफी पिऊन गेले. तुकोजीरावांनी घाईघाईने तिन्ही चित्रे बांगड्या करणाऱ्याला देऊन टाकली. तो रिळे वितळवत असे.

संध्याकाळी गाडीला वेळ होता म्हणून कृष्णमूर्ती खेळाला आले. तिकीट फाडताना मंगलाबाईंनी विचारले, "त्यांची चित्रे कशी असत?"

"मी एकही पाहिले नाही. पण ते भिंतीवर हाताने करून दाखवत. आधी सावली यायची, दाराशी थांबायची..."

मंगलाबाईंच्या हातातले तिकीट खाली पडले. जवळच उभे असलेले तुकोजीराव धावत बांगडीवाल्याकडे गेले आणि रिकाम्या हाताने परतले.

मग मंगलाबाई बाकावर बसल्या आणि तिन्ही चित्रे त्यांनी प्रसंगामागून प्रसंग सांगितली. कृष्णमूर्तींची गाडी चुकली तरी ते उठले नाहीत. जाताना त्यांनी एवढेच विचारले, "त्यांचे नाव यायचे ना पडद्यावर? म्हातारा आधी तेच विचारील."

मंगलाबाईंनी भावाकडे पाहिले.

"यायचे," तुकोजीराव मान खाली घालून म्हणाले. "मोठ्या अक्षरांत."

मित्रांनो, ऐकून मला रडू आले. माझी धूळ पुसा अथवा पुसू नका. पण चित्राच्या आधी नावे येतात ना, तेव्हा शिट्टी मारू नका. वाचता आली नाहीत, तरी ती संपेपर्यंत गप्प बसा.