पाण्याला वळसा घालणारा पंप

मित्रांनो, हवा ओढून घेणे हा माझा धंदा आहे. अंग बिडाचे, पोटात तेल, त्या तेलात गरगर फिरणारी पाती आणि पाठीवर एक मोटर, असा मी नागपूरच्या एका महाविद्यालयातला निर्वात पंप. माझा हिरवा रंग ठिकठिकाणी उडाला आहे आणि सुरू होताना मी जरा खोकतो. पण या उन्हाळ्यात जे घडले, ते सांगायला मी इतका उतावीळ झालो आहे की मोटर बंद असतानाही अंगातली पाती फिरताहेत असे वाटते!

कारखान्यातून मी थेट इथल्या भौतिकशास्त्राच्या प्रयोगशाळेत आलो. तेव्हा विभाग गणपतराव सरांकडे होता. ते काचेच्या हंडीखाली वाटीभर पाणी ठेवत आणि माझे बटन दाबत. मी हंडीतली हवा ओढू लागलो की पाण्यावरचा दाब उतरत जाई आणि थोड्याच वेळात ते पाणी, खाली जाळ नाही, निखारा नाही, तरी खळाखळा उकळू लागे. गंमत पुढेच असे. उकळण्यासाठी लागणारी उष्णता ते स्वतःच्याच अंगातून काढी, म्हणून उकळता उकळता गार पडे आणि शेवटी त्याच उकळत्या पाण्यावर बर्फाची साय धरे! मुले बाकांवर चढून टाळ्या वाजवत. माझी छाती तेव्हा अशी फुगे, की हवा काढणाऱ्याच्या पोटात हवा शिरली म्हणा ना.

मग सर फळ्यावर तीन रेषा काढत. ते म्हणत, "बर्फ, पाणी आणि वाफ ही तीन गावं. या रेषा म्हणजे त्यांच्या शिवा. आडवं चालाल तर तापमान बदलतं, उभं चालाल तर दाब. तिन्ही शिवा भेटतात तो त्रिक बिंदू. तिथे तिन्ही गावांचे लोक एकत्र नांदतात." या चित्राला पुस्तकात प्रावस्था आकृती म्हणतात.

सर निवृत्त झाले. पुढे वर्गात पडदा आला आणि पाण्याचे उकळणे पडद्यावरच दिसू लागले. मला मोडक्या स्टुलांबरोबर टेबलाखाली सारले गेले. परीक्षेत मुले प्रावस्था आकृती झरझर काढत, पूर्ण गुण मिळवत आणि विसरून जात. मी मात्र अंधारात, तेल न बदललेला, तसाच पडून होतो.

यंदा मे महिन्यात नागपूर तव्यासारखे तापले होते. आमच्या वरच्या मजल्यावर वनस्पतिशास्त्राचा संग्रह आहे. तिथे शिकवणाऱ्या यमुताईंनी उभ्या आयुष्यात विदर्भाची राने, नदीकाठ आणि तळी पायाखाली घालून एकेक वनस्पती आणली, दाबून वाळवली, जाड कागदावर चिकटवली आणि खाली स्वतःच्या अक्षरात तिचे नाव आणि गाव लिहिले. निवृत्त झाल्यावरही त्या रोज यायच्या. सुटीच्या दिवशी कुणीतरी कूलरमध्ये पाण्याचा पाइप सोडला आणि तो तसाच राहिला. सोमवारी कुलूप उघडले तेव्हा खालच्या कपाटांतले गठ्ठे लगदा व्हायच्या बेतात होते.

यमुताईंच्या रडण्याचा आवाज ऐकून आमच्या नूपुर मॅडम धावत वर गेल्या. भौतिकशास्त्र शिकवायला त्या अलीकडेच आल्या होत्या. त्यांनी ओले गठ्ठे आमच्या खोलीत आणवले, तेव्हा टेबलाखालून मला सगळे दिसू लागले.

विहंग नावाचा विद्यार्थी म्हणाला, "मॅडम, नागपूरचं ऊन काय कमी आहे? गच्चीवर टाकून देऊ ना."

"नको रे बाबा," यमुताई डोळे पुसत म्हणाल्या. "वरून सुकतील, पण आत ओल राहील. शाई पसरेल, कागद एकमेकांना चिकटतील, उद्यापर्यंत बुरशी धरेल. यातली कितीतरी झाडं हुडकेश्वरच्या तळ्यांवरची आहेत. तिथे आता घरांचे ले-आउट पडले. पुन्हा कुठून आणू मी?"

नूपुर मॅडम गठ्ठ्याकडे बघत राहिल्या. मग एकदम म्हणाल्या, "ताई, शाई पसरवतं कोण? द्रव पाणी. कागद चिकटवतं कोण? द्रव पाणी. मग आपण द्रवाच्या वाटेला जायचंच नाही! आधी गोठवायचं आणि त्या बर्फाची थेट वाफ करायची."

मौद्याहून रोज बसने येणारी सोनिका पुढे सरकली. "पण मॅडम, बर्फ वितळल्याबिगर वाफ कशी होईल? मधात पाणी तं येणारच न!"

मॅडमनी खडू उचलला आणि त्याच तीन रेषा काढल्या. माझ्या अंगावर काटा आला! "हे बघ, आपण असतो इथे वर, हवेच्या दाबात. इथून उजवीकडे चाललीस तर बर्फाच्या गावातून वाफेच्या गावाला जाताना मध्ये पाण्याचं गाव लागतंच. पण आधी दाब खाली उतरव, त्रिक बिंदूच्याही खाली. आता चाल उजवीकडे."

सोनिकाचे बोट फळ्यावरून सरकत गेले. "बर्फ... अन् मंग सिधी वाफ. पाणी लागतच नाही मधात! मॅडम, हे तं मी परीक्षेत काढलं होतं. असं आहे हे मले समजलंच नव्हतं!"

"याला संप्लवन म्हणतात. कापूर उडतो ना, तसं."

मग काय धावपळ! चंपतराव आइस्क्रीमवाल्यांनी आपला मोठा डीप फ्रीझर दिला. "मॅडम, रविवारी लग्नाची ऑर्डर हाय. तोवर ठेवा बापा, मंग मले लागतेच," ते म्हणाले. गठ्ठे त्यात दगडासारखे गोठले. सूक्ष्मजीवशास्त्राकडून जुने ऑटोक्लेव्ह आले. ते जाड पोलादी पिंप वाफ कोंडून जंतू मारायचे. त्याच्या झाकणासाठी विहंगने इतवारी बाजारातून रबराची नवी चकती आणली. आणि टेबलाखालून बाहेर ओढले मला!

मित्रांनो, इतक्या वर्षांनी बटन दाबले गेले. मी खोकलो, थरथरलो आणि चालू लागलो. मॅडम शहाण्या. त्यांनी आधी यमुताईंचा एकही कागद घेतला नाही. महाविद्यालयाचा निळा शिक्का असलेला एक जुना अंक भिजवून, गोठवून पिंपात ठेवला. दाबमापकाची सुई भराभर उतरली आणि मध्येच अडली. मी जीव तोडून ओढत होतो, पण ती हलेना. झाकण काढले तर अंक लिबलिबित झालेला आणि निळी शाई खाली ओघळलेली.

यमुताईंनी खुर्चीचा दांडा घट्ट धरला होता. मला वाटले, आता मी पुन्हा टेबलाखाली.

पण सोनिका फळ्याकडे गेली होती. "मॅडम, सुई इथं अटकली, त्रिक बिंदूच्या वरतेच. म्हणजे आपण पाण्याच्या गावातूनच चाललो. काहून अटकली असंल?"

नूपुर मॅडमनी माझ्या पोटातले तेल काढले. ते ताकासारखे पांढरे झाले होते. "हे बघा कारण! कित्येक वर्षांत तेल बदललेलं नाही, त्यात बर्फाची वाफ याच्याच पोटात गेली आणि पाणी होऊन मिसळली. बिचारा ओढणार तरी कसा?"

बिचारा म्हटले, मित्रांनो, मला! भंगार नाही म्हटले.

नवे तेल आले. शिवाय वाफ माझ्यापर्यंत पोचायच्या आधीच तिला अडवायचे ठरले. पिंप आणि मी यांच्यामध्ये एक स्टीलचे भांडे जोडले आणि ते चंपतरावांनी आणलेल्या कोरड्या बर्फात पुरले. हा बर्फ पाण्याचा नाही, कार्बन डायऑक्साइडचा. भोवती पांढरे धुके, पण थेंब एकही नाही.

"हा काहून ओला होत नाही?" सोनिकाने विचारले आणि उत्तरही स्वतःच शोधले. "थांबा थांबा मॅडम, सांगू नका! याचा त्रिक बिंदू आपल्या हवेच्या दाबापेक्षा वरते असंल. म्हणून आपल्या इथं याचं पाण्याचं गावच नाही!"

"बरोब्बर! पाचपट वर." मॅडमनी तिच्या पाठीवर अशी थाप मारली की खडूचा पंजा उमटला.

आता पिंपात यमुताईंचा पहिला गठ्ठा गेला. मी सुरू झालो. सुई उतरली, मघाच्या जागी आली, क्षणभर रेंगाळली आणि खाली गेली! त्रिक बिंदूच्या खाली, आणखी खाली. मुलांनी जो गलका केला, तो गणपतराव सरांच्या वर्गातल्या टाळ्यांपेक्षा मोठा होता, शपथेवर सांगतो. मी दिवसभर एका लयीत गात राहिलो. मुले पाळीपाळीने सुईवर नजर ठेवत होती. बर्फाची वाफ व्हायलाही उष्णता लागते. ती खोलीतला उकाडा पिंपाच्या जाड अंगातून हळूहळू पुरवत होता. आणि गार भांड्याच्या आत पांढरे हिम चढत होते. कागदांतून निघालेली वाफ तिथे पुन्हा बर्फ होत होती, तीही पाण्याला वळसा घालून.

दिवस कलला. झाकण उघडले. यमुताईंनी वरचा कागद उचलला आणि तो सुटला! कोरडा, खडखडीत, अलगद. मग दुसरा, मग तिसरा. पाने जिथल्या तिथे, अक्षर जसेच्या तसे. "हे बघ वं नूपुर, माझं अक्षर! वाचता येऊन राहिलं!" असे म्हणत ताई हसत होत्या आणि रडतही होत्या. रविवार उजाडण्याआधी फ्रीझर रिकामा झाला. दोन गठ्ठे गोठवण्याआधीच चिकटले होते, ते गेले. बाकीचे वाचले.

मित्रांनो, आता सांगायचे तेवढे सांगतो. पुस्तकातली आकृती नुसती पाठ करू नका. तिच्यावर बोट ठेवून चाला, ती वाट दाखवते. आणि माझ्यासारखे कुणी तुमच्या शाळेत टेबलाखाली दिसले, तर त्याला मोडीत काढण्यापूर्वी त्याचे तेल बघा.

त्यानंतर एका सकाळी सोनिका हातात ओल्या फडक्याची पुरचुंडी घेऊन आली. वाचवलेल्या कागदांत तिला मौद्याजवळच्या कन्हान नदीकाठची एक जलब्राह्मी सापडली होती. तिच्याच गावचे नाव लिहिलेली. ती त्या काठावर शोधत हिंडली होती. फडके उलगडले, तर तीच वनस्पती! मांसल इवली पाने आणि एक फिकट जांभळे फूल.

"अजून हाय, ताई! कागदावरचीच हाय ही!"

नूपुर मॅडमना राहवेना. "फुलासकट वाळवू या! रंगही टिकेल!" म्हणत त्यांनी माझ्या बटनाकडे हात नेला.

यमुताईंनी तो हात मधेच धरला. "थांब गं बाई," त्या म्हणाल्या. "कुंडी आण. हिचं पाणी हिच्यातच राहू दे."