वाटे दादाचे, निवड माझी

आई गेल्यावर घर आम्हा दोघांच्या नावावर आलं, माझ्या आणि दादाच्या. तेव्हापासून आम्ही एकमेकांच्या तोंडाकडे कमी आणि हाताकडे जास्त बघू लागलो.

घर लहानसंच. पुढची खोली रस्त्यावर उघडते, तिथे दादा किल्ल्या बनवायचा. मागच्या खोलीला मोठी खिडकी, तिच्याखाली बसून मी कपडे रफू करायची. काळ्या कोटाला काळा दोरा लावायचा, यात काय मोठं, असं लोकांना वाटतं. पण काळ्यातही नाना काळे असतात आणि ते दिवसाच्या उजेडातच कळतात. ट्यूबलाइटखाली निळा आणि काळा एकच. ती खिडकी गेली तर माझा धंदा बसलाच. अर्थात हे मी कोणाला बोलले नाही. दादाला सुगावा लागला असता, तर एका खिडकीच्या बदल्यात त्याने बाकी सगळं घर मागून घेतलं असतं.

कोर्टाची भीती दोघांनाही होती, म्हणून लवाद नेमायचं ठरलं. लवाद म्हणजे मोजणीकाका. वडिलांचे मित्र, जन्मभर लोकांच्या जमिनी मोजून निवृत्त झालेले. ते देतील तो निवाडा मान्य, असं आम्ही लिहून दिलं. सही करताना माझं लक्ष वहिनीकडे होतं, कारण काकांच्या चहात साखर किती घालायची हे तिला विचारावं लागलं नव्हतं.

काकांनी दोघांचं वेगवेगळं ऐकून घेतलं. मी आईच्या आजारपणावर बोलले, घरपट्टीवर बोलले, गळक्या छपरावर बोलले. खिडकीचं नावही काढलं नाही. ताकाला जाऊन भांडं लपवू नये म्हणतात, पण समोर दादासारखा भाऊ असेल तर लपवावं लागतं.

मग काकांनी आम्हाला एकत्र बसवलं. "वाटे हा पाडेल," ते दादाकडे बोट दाखवून मला म्हणाले. "त्यातला एक आधी तू उचलायचा. वाटे करतो त्याने उरेल तो मागून घ्यायचा."

दादाने लगेच मान हलवली. तो पक्का आतल्या गाठीचा. तो पटकन हो म्हणाला की मी सावध होते.

आठवड्याभराने त्याने जमिनीवर खडूने रेघ ओढली. पुढच्या वाट्यात त्याचं दुकान आणि वरचा माळा. मागच्या वाट्यात खिडकी, स्वयंपाकघर, नळ, गच्चीचा जिना. मला हवं ते सगळं मागे, न मागता. सुरी सोन्याची असली म्हणून कोणी उरात खुपसून घेत नाही.

मी मुदत मागून घेतली. फरशा ठोकून पाहिल्या, प्लंबरला आणून भिंती तपासल्या. भिंतीत कुठेच पाणी मुरत नव्हतं. म्हणजे ते दुसरीकडे मुरत होतं. मागे दोष नाही, त्या अर्थी पुढे काहीतरी घबाड असणार. रस्ता रुंद होणार असेल, नाहीतर एखादं बडं गिऱ्हाईक आधीच ठरलं असेल. वहिनीला आडून विचारलं, तर म्हणाली, आवडेल तो वाटा घ्या, वन्सं. इतकं गोड ती एरवी बोलत नाही.

निवाड्याच्या दिवशी मी म्हणाले, "पुढचा."

दादा खडूच्या रेघेकडे बघत राहिला. काकांनी चष्मा काढून पुन्हा विचारलं, नक्की ना? दोनदा विचारतात, म्हणजे तेही सामील. मी सही केली.

आता मी पुढे ट्यूबलाइटखाली बसते. रस्ता आहे तेवढाच आहे आणि बडं गिऱ्हाईक कोणी आलं नाही. परवा एका वकिलाच्या काळ्या कोटाला मी निळा दोरा घातला. त्याने तो दारात उन्हात धरून मला दाखवला आणि कोट घेऊन गेला. फार लाज वाटली. दादा मागे माझ्या खिडकीशी किल्ल्या घासतो. लोक येऊन मलाच विचारतात, किल्लीवाला गावाला गेला का? मी मागची वाट दाखवते, पण निम्मे तिथूनच परत फिरतात.

काल दादा माझ्यापाशी येऊन उभा राहिला.

"बदलून घेऊ या," तो म्हणाला. "दोघं तयार असलो तर काका निवाडा बदलून देतील."

"तुला रस्ता हवा होता, तर आधी का नाही बोललास?"

"बोललो असतो तर तू सोडला असतास?"

नसता सोडला. हे त्यालाही ठाऊक होतं.

"आणि तुला खिडकी हवी, हे मला माहीत होतं," तो म्हणाला. "म्हणून तर रेघ तिथे ओढली."

मला रडूच आलं. हो म्हणायचं होतं, अगदी मनापासून. तोंड उघडलं आणि शब्द निघाले ते असे, "पण एवढी घाई का झालीय तुला?"

दादा मग म्हणाला, "घाई नाही गं." आणि मागे निघून गेला.

घाई नव्हती, तर मग आला कशाला?