वाकड्या दाताच्या काट्याची बाजू

मी एक जुना काटा आहे. चार दातांचा, त्यातला कडेचा एक दात पुढे वाकलेला. मित्रांनो, हे मी खाली मान घालून सांगत नाही. ज्यांना सरळ दातांच्या काट्याची गोष्ट हवी असेल, त्यांनी खुशाल दुसरं पुस्तक उघडावं.

माझा जन्म कारखान्यात झाला. पोलादी पत्र्यातून आम्हाला ठोकून काढलं, घासूनपुसून चकचकीत केलं आणि सहा-सहा जणांना एकेका खोक्यात भरलं. आमचं खोकं एका वायरमनच्या घरी आलं. घर तिसऱ्या मजल्यावर, आणि स्वयंपाकघर एवढंसं की ओव्हनचं दार उघडलं की फ्रीजचं उघडता येत नसे. माझी पाच भावंडं एकेक करून गेली. एक सहलीत हरवलं, एक उष्ट्याबरोबर कचऱ्यात गेलं. बाकीच्यांचं काय झालं ते मला ठाऊक नाही, आणि खोटं कशाला सांगू?

माझा दात वाकला तो कामावर. वायरमनचा स्क्रूड्रायव्हर खाली गाडीत राहिला होता आणि मीटरच्या पेटीचं झाकण अडकून बसलं होतं. तीन जिने उतरायचा त्यांना आला कंटाळा. मेन स्विच बंद करून, हे त्यांच्या बाजूने सांगायलाच हवं, त्यांनी मला फटीत घातलं आणि जोर लावला. झाकण उघडलं. माझा दात जो वाकला तो वाकलाच. त्या दिवसापासून मला जेवणाच्या टेबलावर बंदी झाली, कारण मी म्हणे ओठाला टोचतो. पुढची वीस वर्षं मी खणात काढली, रबरबँड, गेलेले बल्ब आणि कुठलंच कुलूप न उघडणाऱ्या किल्ल्यांच्या संगतीत.

तोवर वायरमन म्हातारे झाले. निवृत्त झाले, एकटे राहिले. त्यांचा उजवा गुडघा भारी लहरी. आज तीन जिने चढू देईल, उद्या पलंगावरून उठू देणार नाही. वाईट दिवशी ते ओट्यापाशी उभे राहू शकत नसत, मग चहा-बिस्किटांवर दिवस काढत. डॉक्टरांनी त्यांचं वजन पाहिलं आणि सरळ त्यांच्या मुलीला फोन केला.

मुलगी शहराच्या दुसऱ्या टोकाला राहते आणि औषधांच्या दुकानात काम करते. बाटलीवर नाव नसेल तर बाटली फेकायची, असं तिचं रोखठोक शास्त्र. दर रविवारी ती आपल्या नऊ वर्षांच्या लेकीला घेऊन वडिलांकडे येते. त्या रविवारी ती चोवीस नव्या काट्या-चमच्यांचा डबा घेऊन आली. तिने खण आवरला, नवी मंडळी आत मांडली आणि मला भंगाराच्या पिशवीत टाकलं. पिशवी स्वयंपाकघराच्या दारामागे खिळ्याला टांगलेली होती. मला तिथून सगळं दिसत होतं, आणि खरं सांगतो, माझा संताप संताप होत होता.

माझी व्यवस्था लावून झाल्यावर तिने वडिलांची लावायला घेतली.

"बाबा, आता पुरे झालं. आमच्याकडे मागची खोली आहे. तिथे कपडे धुवायचं मशीन असतं, पण तुम्हाला जागा होईल."

"मी काय दुसरं मशीन आहे, त्याच्या शेजारी ठेवायला?"

"चेष्टा करू नका. दोन बिस्किटांवर राहता तुम्ही. मला तिकडे घास गिळवत नाही."

वायरमननी भिंतीवरचं कॅलेंडर बघितलं. मग म्हणाले, "मला चार रविवार दे. चौथ्या रविवारी इथे जेवायला या. बाहेरून काही मागवणार नाही. जमलं नाही तर माझी बॅग मीच भरतो."

"आणि त्या दिवशी नेमका गुडघा धरला तर?"

"त्याचाच तर बंदोबस्त करायचाय."

बंदोबस्त त्यांनी मनाशी ठरवला होता. इमारतीच्या तळाशी एक बेकरी आहे. तिथली बाई पफ करते, म्हणजे मैद्याच्या थरांच्या घडीत खारं सारण भरून भाजलेले तुकडे. ते कच्चेच गोठवून ठेवले तर महिनाभर टिकतात, हे वायरमनना तिच्याकडून कळलं होतं. चांगल्या दिवशी ढीगभर करायचे, वाईट दिवशी नुसते ओव्हनमध्ये सरकवायचे. गुडघ्याला विचारायचंच नाही.

मित्रांनो, पहिल्या आठवड्यात जे झालं ते बघून मी पिशवीत हसत होतो. लाटणं सापडेना, म्हणून त्यांनी वायरी घालायच्या नव्या कोऱ्या पाइपचा तुकडा धुऊन घेतला आणि त्यानेच पोळी लाटली. चौकोन कापायला स्टीलची मोजपट्टी काढली. एकेक चौकोन दहा सेंटिमीटरचा, केसाचाही फरक नाही. आणि एवढं नेमकं काम करून गरमागरम सारण त्यावर ओतलं. थरांमधलं बटर वितळलं, घड्या फाटल्या, बटाटा ट्रेभर पसरला.

बेकरीवाली वर येऊन बघून गेली. "काका, सारण थंड, बटर थंड आणि आपलं डोकंही थंड ठेवा," ती म्हणाली. "आणि कच्चे पफ लगेच पिशवीत कोंबू नका, एकमेकांना चिकटून गोळा होईल. आधी ट्रेमध्ये सुटे सुटे गोठवा, दगडासारखे झाले की मग पिशवीत. भाजायचे तेही तसेच गोठलेले. वितळायची वाट बघितलीत की लगदा झालाच म्हणून समजा."

दुसऱ्या आठवड्यात पफ जमले. बटाटा-वाटाण्याचे, पालक-चीजचे आणि वायरमनच्या आवडीचे मशरूमचे. पिशव्या ओळखता याव्यात म्हणून त्यांनी प्रत्येकीवर वायरींना गुंडाळतात ती रंगीत टेप चिकटवली. बटाट्याला पिवळी, पालकाला निळी, मशरूमला लाल. चाळीस वर्षं ज्या टेपच्या रंगांवर जीव सोपवला, ती आता कशी दगा देईल?

दिला. थंडीने टेपचा चिकटपणा गेला आणि सगळ्या पट्ट्या फ्रीझरच्या तळाशी गळून पडल्या. म्हाताऱ्याने अंदाजाने त्या परत लावल्या. तिसऱ्या रविवारी नातीला पिवळ्या टेपच्या पिशवीतला पफ दिला. दोन घास खाल्ले आणि तिचे ओठ सुजू लागले, मानेवर लाल चट्टे उठले. तिला मशरूम चालत नाही, हे घरात सगळ्यांना माहीत होतं. मुलीच्या पर्समध्ये औषध होतं, तिने ते लगेच दिलं आणि नातीला घेऊन डॉक्टरांकडे धावली. तासा-दोन तासांत पोरगी बरी झाली. पण वायरमनच्या तोंडचं पाणी पळालं ते रात्रीपर्यंत परत आलं नाही.

मुलीने फोनवर आवाज चढवला नाही, तेच जास्त लागलं. "बाबा, पुढच्या रविवारी मी बॅगा घेऊन येते."

दुसऱ्या दिवशी बेकरीवालीने त्यांना समजावलं, "काका, मशरूमचे करूच नका. कशाला जिवाला घोर?"

"ते मला आवडतात," वायरमन म्हणाले. "माझ्या घरात मला आवडतं ते मी खाणार. चूक माझ्या खुणेची आहे, मशरूमची नाही. खूण अशी हवी की गळून पडणार नाही."

मग त्यांना सुचलं की खूण पिशवीवर नको, पफवरच हवी. वाफ जायला पफला वरून भोक पाडावंच लागतं. बटाट्याला एक भोक, पालकाला दोन, मशरूमला तीन. त्यांनी नव्या डब्यातला काटा उचलला आणि टोचला. चार भोकं. परत टोचला, परत चार. तिरका धरला तर पारी फाटली. दिसायला राजबिंडे, पण चौघांनी मिळूनच चालणार. एकट्याने पुढे होण्याची त्यांच्यातल्या एकाही दाताची छाती नव्हती.

वायरमननी तो काटा बाजूला ठेवला. मग उठले, दारामागच्या पिशवीत हात घातला आणि मला बाहेर काढलं. माझा वाकडा दात बाकीच्या तिघांच्या पुढे येतो, म्हणून तो एकटा टोचता येतो. एक नेमकं, गोल, खोल भोक. वीस वर्षं ज्या दातापायी खणात पडलो होतो, त्या दाताखेरीज आता घरातलं पान हलत नव्हतं. मला काय वाटलं ते विचारू नका. मी फुगलो, आणि फुगायचा मला हक्क होता.

त्या आठवड्यात आम्ही जुने सगळे पफ संपवले, म्हणजे वायरमननी एकट्याने खाल्ले. मग नवे एकशे वीस केले, गुडघा बरा असेल त्या-त्या दिवशी थोडे थोडे. बटाटा आणि पालक आधी. मशरूम शेवटी, वेगळ्या दिवशी, वेगळ्या ट्रेमध्ये, आणि नंतर झाकणाच्या डब्यात बंद. फेजची वायर आणि न्यूट्रलची वायर एकमेकींना लागू द्यायची नाही, असं ते पुटपुटत होते. ते झाल्यावर मला आणि ट्रेला उकळत्या पाण्यातून काढलं.

चौथा रविवार उजाडला आणि गुडघ्याने डाव साधला. सुजून भोपळा. वायरमन भिंत धरून स्वयंपाकघरात आले आणि खुर्चीत बसले ते बसलेच. दारात मुलगी उभी राहिली, हातात दोन रिकाम्या बॅगा.

"बघा," ती म्हणाली. "नेमकं आजच."

"ओव्हन लाव," वायरमन म्हणाले. खुर्ची सरकवून त्यांनी फ्रीझर उघडला, बटाट्याचे आठ पफ ट्रेमध्ये मांडले आणि बसल्या बसल्या आत सरकवले. अर्ध्या तासात घरभर खमंग वास सुटला. मुलीने ताट पुढे ओढलं, पण लेकीला हात लावू दिला नाही. दुधाने तोंड पोळलेलं होतं, तिचंही बरोबरच होतं.

"पिशव्या पुन्हा बदलल्या असल्या तर?"

"पिशवी बघू नकोस, पफ बघ. एक भोक म्हणजे बटाटा. मोडून बघ. हवं तर सगळे मोड."

तिने खरंच सगळे मोडले. आठही बटाट्याचे. मग झाकणाच्या डब्यातला तीन भोकांचा एक काढून सुरीने कापला, आत मशरूम. पिशवीतले दोन भोकांचे चार कापले, चारही पालक. हात साबणाने दोनदा धुऊन ती परत आली. मी ताटाजवळ पडलो होतो आणि मनात म्हणत होतो, काप बाई, फ्रीझर रिकामा कर, एकही चुकायचा नाही.

शेवटी तिने मोडलेल्यातला एक तुकडा लेकीला दिला आणि एक स्वतः खाल्ला. मग दुसरा खाल्ला. मग तिसरा. तोंड पुसून ती उठली, दाराशी गेली, आणि लहान बॅग मोठ्या बॅगेत घालून तिने चेन लावली.

"पुढच्या रविवारी बटाट्यात मिरची कमी घाला," ती म्हणाली. "पोरीला तिखट लागतं."

वायरमननी चष्मा काढून पुसला.

वातावरण निवळल्यावर मुलीने मला उचललं. तिला कुणाचं तरी भलं करावंसं वाटत होतं आणि हाताशी मी सापडलो. "पक्कड कुठे आहे हो, बाबा? याचा दात सरळ करून देते."

"आधी विचार," वायरमन म्हणाले.

"कोणाला? काट्याला?"

"मला विचार. त्याचं काम मला माहीत आहे."

मग मला खाली ठेवून ती त्यांच्या शेजारी बसली. "बरं, विचारते," ती हळूच म्हणाली. "बाबा, तुम्हाला कशाची मदत हवी आहे?"

चार रविवारांत हा प्रश्न पहिल्यांदाच आला होता. वायरमननी विचार करून सांगितलं की मैद्याची पोती तीन जिने वर चढवायला कुणीतरी हवं.

मित्रांनो, जुन्यांची काळजी घ्या असं सगळेच सांगतात. मीही सांगतो, जरूर घ्या. घासा, पुसा, पोती उचला. पण पक्कड हातात घेण्याआधी एकदा विचारा. आम्हाला उत्तर देता येतं.