गाळलेली आठ पानं

सोळा वर्षं दुबईत मराठी मंडळांच्या स्मरणिका छापून आमच्या यांना, मुरलीधररावांना, एक वाईट खोड लागलीय. पानं वाढली की कार्यकर्त्यांची यादी उडवायची! मान्यवरांच्या फोटोंना हात लावायचा नाही, ते रुसतात. यादीतली माणसं कुणावर रुसणार?

या वेळची स्मरणिका मात्र युगांडातल्या किटोंगा या अँग्लिकन धर्मप्रांताची होती, साठ वर्षांचा इतिहास. काम आणलं नाकाटोबाईंनी. त्या अबुधाबीत नर्स आहेत. धर्मप्रांत व्हायच्या आधी त्यांचे वडील, योनासानी लुबेगा, अकरा गावं पायी फिरले, माती तुडवून गवताच्या छपराची चर्चं उभी केली. त्यातूनच पुढे दीडशे झाली. बाईंनी दिलेल्या मजकुरात अशा गावोगावच्या धर्मप्रचारकांची नावं आठ पानांत होती. वडिलांचा ना फोटो, ना कुठे पाटी. छापून येणारं नाव ते तेवढंच.

आज सकाळी नाकाटोबाई दुबईतल्या अल मनखूल भागातल्या आमच्या ऑफिसात तीनशे प्रती न्यायला आल्या. उद्याचं विमान, रविवारी सोहळा. एक प्रत उघडली, शेवटपर्यंत चाळली, पुन्हा पहिल्यापासून चाळली.

"माझे बाबा कुठायत?" त्यांनी इंग्रजीत विचारलं.

"मॅडम, पेज लिमिट होतं," हे म्हणाले. "पण बिशप लोकांचे सगळे फोटो घेतलेत ना!"

माझं डोकंच फिरलं. "अहो, लाज वाटते का काही? बिशप येऊन फिती कापून गेले. माती कुणी तुडवली?"

"कुंदा, ओरडू नकोस. सुटा कागद छापून आत घालू. यल्ला, चला, अर्ध्या तासात खलास."

"सुटा कागद नको," नाकाटोबाई म्हणाल्या. "तो पहिल्याच दिवशी गळून पडेल. आई एक्क्याण्णव वर्षांची आहे, तिला वाचता येत नाही. बाबांचं नाव आलं की माझं बोट धरून त्याच्यावर ठेव, एवढंच म्हणालीय."

मी यांना आणखी झापायला लागले. जन्मभराचं सगळं काढलं. यांनी ड्रॉवरमधून शेवटचं प्रूफ काढून माझ्यासमोर टाकलं. त्यावर लिहिलं होतं, 'ओके, कुंदा'.

आठ पानं गेलेली मला दिसली होती हो! बिशपांची स्पेलिंगं बरोबर आहेत ना, मग झालं, असं म्हणून मीच सही ठोकली होती. आणि वर तोंड करून नवऱ्याला लाज वाटते का म्हणून विचारत होते!

नाकाटोबाईंनी प्रूफ उचललं. "ही सही कुणाची?"

"माझी."

त्यांनी आवाज चढवला असता तर बरं वाटलं असतं. पण त्यांनी पर्समधून पेन काढलं, तीनशे प्रतींमधला पहिला गठ्ठा स्वतः सोडला आणि माझ्यापुढे सरकवला.

"बसा. प्रत्येक प्रतीत पहिल्या पानावर, बिशपांच्या फोटोच्या वर, बाबांचं नाव तुम्ही हाताने लिहायचं."

खुर्ची ओढून त्या समोर बसल्या आणि एकेक अक्षर सांगू लागल्या.