मी स्वस्थ बसलो होतो तेव्हा

मित्रांनो, मी एक जुना बूस्ट गेज आहे, इंजिनातल्या हवेचा दाब दाखवणारा. वाटीएवढं तोंड, त्यावर एक शून्य आणि एक काटा, एवढाच माझा संसार. ज्या मोटारीला टर्बो असतो, म्हणजे इंजिनात जादा हवा कोंबणारा पंखा, तिच्यात मला बसवतात. गाडी उभ्या उभ्या गुरगुरत असली की इंजिन हवा ओढतं, तेव्हा काटा शून्याच्या खाली. अॅक्सिलरेटरवर पाय दाबला की टर्बो हवा ढकलतो, तेव्हा काटा शून्याच्या वर. थोडक्यात, एका जागी न बसणं हीच माझी नोकरी. कारखान्यात तपासणीच्या टेबलावर मी इतका थरथरलो, की तपासणाऱ्या बाई म्हणाल्या, "हा पोरगा कामाचा आहे." ती माझी पहिली शाबासकी.

मालकांनी मला आणलं ते मिस्त्रीवर रुसून. मिस्त्री म्हणाला होता, "साहेब, तुम्ही ही गाडी भाजी आणायला काढता. गेज लावून भाजी लवकर येणार आहे का?" हे मालकांच्या मनाला लागलं. सुट्टीच्या दिवशी ते स्वतःच बॉनेट उघडून उभे राहिले.

आत नळ्यांचं जंजाळ. मला जोडायची जागा होती इंजिनाला हवा पुरवणाऱ्या पेटीवरच्या बारीक नळीवर. मालकांनी सगळ्यांत जाड नळी निवडली. "जाड नळीत दाब जास्त," असं स्वतःलाच समजावून त्यांनी ती कापली, मध्ये तीन तोंडांचा जोड घातला, तिसऱ्या तोंडापासून एक लांब नळी गाडीच्या आत ओढली आणि तिच्या टोकाला, स्टिअरिंगशेजारी, मला बसवलं. आवळायला क्लिपा नव्हत्या, म्हणून वरून चिकटपट्टी गुंडाळली.

ती नळी ब्रेकची होती. ब्रेक दाबताना पायाला जोर देणारा एक डबा असतो. त्यातली हवा इंजिन याच नळीतून ओढून घेतं, म्हणून ब्रेक हलका लागतो. वाटेत हवा फक्त इंजिनाकडे जाऊ देणारी एकेरी झडप असते आणि मी होतो झडपेच्या पलीकडे, डब्याच्या बाजूला. टर्बोचा दाब माझ्यापर्यंत पोचणंच शक्य नव्हतं.

गाडी सुरू झाली. मी शून्याच्या खाली गेलो आणि तिथेच बसलो. मालकांनी पाय दाबला. मी बसलेलाच.

"बघितलंस? किती शांत काटा आहे," मालक मालकीणबाईंना म्हणाले. "उंची माल."

मग शेजारी येऊन माझं कौतुक करून गेले, मेहुणे येऊन करून गेले. मी आतल्या आत तळमळत होतो. इंजिनाच्या उष्णतेने चिकटपट्टी सुटत चालली होती. फुस्स असा बारीक आवाज मला नळीतून ऐकू येई. जोड निसटला की डब्यात हवा भरणार आणि ब्रेक दगडासारखा होणार. आमचं घर टेकडीवर. उताराच्या तळाशी चौक, चौकात शाळेचं फाटक. मला तोंड होतं, पण वाचा नव्हती.

एका सकाळी मालकीणबाई गाडी चालवायला बसल्या, शेजारी मालक. गल्लीतून बाहेर पडेपर्यंत बाईंची नजर दोनतीनदा माझ्याकडे गेली.

"अहो, हा काटा ब्रेक दाबला की हलतो."

"हलू दे की. गेजच आहे तो."

"अॅक्सिलरेटरला ढिम्म. ब्रेकला मात्र हलतो. तुम्ही नळी कुठली कापलीत?"

"जाड."

"जाड म्हणजे कुठली?"

मालक खिडकीबाहेरची झाडं बघू लागले. पुढे उतार दिसत होता. बाईंनी पुन्हा ब्रेक दाबला आणि मी असेल नसेल तेवढ्या ताकदीने उसळलो. उताराच्या तोंडाशीच त्यांनी गाडी कडेला घेतली, हँडब्रेक ओढला आणि इंजिन बंद केलं. बॉनेट उघडून त्यांनी जोडाला बोट लावलं, तर तो हातातच आला.

मालकांनी नळीची दोन टोकं पाहिली. मग खाली शाळेच्या फाटकाकडे पाहिलं.

"मिस्त्रीला बोलावतो," ते म्हणाले.

"बोलवा. आणि गोड बोलून बोलवा."

मिस्त्री आला. त्याने जाड नळी नवी घातली, मला बारीक नळीवर जोडलं, क्लिपा आवळल्या आणि सुटलेली चिकटपट्टी मालकांच्या हातात ठेवली. मालकांना तेच जास्त झोंबलं. गाडी सुरू झाली आणि मी सुटलो! खाली, वर, पुन्हा खाली.

"अरे, हा बिघडला," मालक घाबरून म्हणाले. "सारखा हलतोय."

"साहेब, आत्ता कुठे तो बरा झालाय."

आता माझी काच तडकली आहे. नवलाई संपली, शेजारी डोकावत नाहीत. त्याबद्दल तक्रार नाही. मित्रांनो, माझी काच पुसली नाहीत तरी चालेल, पण अधूनमधून नळी चाचपून बघा, भेगाळली असेल तर बदला. आणि एखाद्या गाडीत माझा कुणी भाऊबंद अगदी शहाण्यासारखा स्वस्थ बसलेला दिसला, तर त्याचं कौतुक करत बसू नका. आधी बॉनेट उघडा.