मुकादमबाईंच्या तीन पायऱ्या

मला राग आला की मी खुर्च्या आपटते. त्या सकाळी बालवर्गाच्या हॉलमध्ये मी सत्तर खुर्च्या मांडल्या आणि त्यातली एकही हळू ठेवली नाही.

मोठ्या बाई, म्हणजे आमच्या मुख्याध्यापिका, दारातून ओरडल्या, "मावशी, पाय तुटतील हो खुर्च्यांचे!"

"तुटू देत की," मी म्हटलं. "तुटले तर खाली एका कोपऱ्यात बसवू त्यांना. स्टेजवर कुठे न्यायच्यात?"

बाईंना टोमणा बरोबर कळला. त्या माइक बघायला निघून गेल्या.

बावीस वर्षं मी इथे मावशी आहे. नाकं पुसते, चड्ड्या बदलते, चावरं कोण आणि रडकं कोण ते पहिल्या दिवशी ओळखते. मोठ्या शाळेत जाणाऱ्या पोरांना आधी नुसता खाऊ देऊन टाटा करायचो. हल्ली पदवीदान असतं. काळे झगे काय, चौकोनी टोप्या काय! ज्यांना स्वतःची चेन लावता येत नाही ते पदवीधर! पहिल्या वर्षी मी तोंडात पदर कोंबून हसले होते. पण मग पोरांना स्टेजच्या तीन पायऱ्या चढताना बघितलं आणि हसू गेलं. नियमच आहे आमच्याकडे, पायऱ्या एकट्याने चढायच्या, कुणी हात धरायचा नाही. आला तेव्हा आईच्या कडेवरून उतरत नव्हता, आता आपला आपण वर गेला. एवढाच त्याचा अर्थ, आणि तो मला पटतो.

तर या वर्षी बाईंनी ठरवलं, की एक मुलगी पायऱ्या चढणार नाही.

तिला मी मुकादम म्हणते. जन्मापासून पायांत बळ कमी, सपाटीवर वॉकर धरून चालते. पण जिथे बसेल तिथून अख्ख्या वर्गाला कामाला लावते. "तू खडू उचल. तू रडू नकोस. मावशी, तुम्ही इकडे या." पायरी आली की तिची रीत वेगळी. वॉकर सोडायचा, पायरीकडे पाठ करून बूड टेकायचं, तळहात मागे रोवायचे आणि हं म्हणून स्वतःला वर उचलायचं. पुन्हा हं. तिच्या घरच्या जिन्यावर ती रोज अशीच चढते.

"झग्यात ते बरं दिसत नाही," बाई म्हणाल्या होत्या. "आपण तिला खाली छान खुर्ची देऊ. सगळ्यात शेवटी बोलावू, फुलं देऊ. उलट टाळ्या जास्त पडतील."

खरं कारण वेगळंच होतं. पाहुणे म्हणून येणार होते मोठ्या शाळेचे हेडमास्तर. बाकी सगळ्यांचे प्रवेश झाले होते, एकटीचा अडकला होता. 'मुलीला बघून ठरवू' असा त्यांचा निरोप होता. बसलेली मुलगी त्यांना चालेल, सरपटणारी दिसली तर संपलं, असं बाईंचं गणित. बाई वाईट नाहीत हो. घाबरट आहेत.

आणि तिची आई या गोष्टीला हो म्हणून बसली होती! दवाखान्याच्या धुलाईखान्यात दिवसभर चादरी इस्त्री करते बिचारी. वर मान करून बोलणं माहीत नाही. मुलीच्या झग्याला आम्ही दोघी पिना लावत होतो तेव्हा मी विषय काढलाच.

"राहू दे ना मावशी," ती म्हणाली. "ते नको म्हणाले तर हिला घेऊन मी कुठे जाऊ?"

"आज लपवलीस, तर तिथे रोज कुठल्या कपाटात लपवणार आहेस?"

तिचे डोळे भरले. मला माझ्या जिभेची लाज वाटली, पण शब्द काही मी परत घेतला नाही. झग्यातल्या बाईसाहेबांना तर कुणी विचारलंच नव्हतं, म्हणून मी विचारलं, "काय गं मुकादम, तुला खाली खुर्चीत बसायचंय?"

"नाही. चढायचंय. मी प्रॅक्टिस केलीय."

झालं. माझ्या दृष्टीने विषय संपला.

नावं पुकारायचं काम नव्या ताईंकडे होतं. बाईंनी लिहिलेली यादी त्यांच्या हातात होती, मुकादमचं नाव सगळ्यात खाली. मी म्हटलं, "ताई, यादी खालून वाचा."

"अहो, बाई मला कच्चं खातील!"

"मला खातील. मी जुनी आहे, पचायला जड जाईन."

ताई हसल्या आणि मी पोरांची रांग उलटी फिरवली. मुकादम पहिली. शेवटी राहिली असती तर बाईंनी तिला मधेच उचलून खुर्चीत ठेवलं असतं. पहिली असली की कुणाला हलायला वेळच मिळणार नव्हता.

नाव पुकारलं. पाहुणे स्टेजवर टेबलापाशी प्रमाणपत्र घेऊन उभे. मुकादमने वॉकर सोडला, लोकांकडे तोंड करून बूड टेकलं, हं. पहिली पायरी. टोपी डोळ्यांवर आली, ती डोकं झटकून मागे सारली. हं. दुसरी. हॉलमध्ये चिडीचूप. ती शांतता मला मुळीच आवडली नाही. कीव करताना माणसं अशी गप्प होतात. बाईंनी माझ्याकडे असे डोळे वटारले, की दुसरी कुणी असती तर तिथेच वितळली असती.

तिसऱ्या पायरीवर झगा तळहाताखाली आला आणि हात सटकला. आई ताडकन उठली. मी तिथूनच ओरडले, "बस खाली! जमतंय तिला!" मुकादमने झगा ओढून मांडीत घेतला, हात पुन्हा रोवला आणि वर गेली. सरकत टेबलापर्यंत पोचली, टेबलाचा पाय धरून उभी राहिली आणि हात पुढे केला. "द्या."

आता पुढचं माझ्या ध्यानीमनी नव्हतं, शपथेवर सांगते. बावीस वर्षं मी पोरांना एकच शिकवलंय, पुढच्याने केलं तसं करायचं. हात धुणं, बूट काढणं, सगळं रांगेत असंच चालतं. एकदा पहिल्याने बूट उलटे घातले, तर अख्खा वर्ग उलट्या बुटांनी घरी गेला होता. तालमीत मुकादम खुर्चीत बसलेली असायची. आज ती पुढे होती.

दुसरं नाव पुकारलं. हा आमचा भिंतींना धडका देणारा दांडगोबा. पायरीशी आला, पाठ फिरवली, बूड टेकलं आणि म्हणाला, "हं!"

तिसरीही तशीच, चौथाही तसाच. झगे गोळा करत, टोप्या सावरत, लोकांकडे तोंड करून एकेक पदवीधर बुडावर वर जायला लागला. हॉल आधी गोंधळला, मग खदखदून हसला, आणि मग अशा टाळ्या सुरू झाल्या, की नावंही ऐकू येईनात. एक मुलगी तेवढी सरळ चालत चढली. वरून मुकादम ओरडली, "असं नाही, असं नाही!" ती बिचारी खाली उतरून पुन्हा नीट बसून चढली.

"मावशी, उठवा त्यांना!" बाई माझ्या कानाशी फुत्कारल्या.

"बाई, नियम एकट्याने चढायचा आहे ना? चढतायत की."

मला आता बाईंची, पाहुण्यांची, कुणाच्या बापाची भीती वाटत नव्हती.

सगळी वर पोचल्यावर हेडमास्तर मुकादमसमोर वाकले. आवाज गोड होता, पण माइक चालू होता. "बाळ, आमच्या शाळेला अठ्ठावीस पायऱ्या आहेत. रोज अशी येणार? उशीर होईल ना गं."

मुकादमने थोडा विचार केला.

"होईल," ती म्हणाली. "मग थांबायचं."

हेडमास्तर कसंनुसं हसले आणि आमच्या बाईंकडे बघायला लागले, आता तुम्हीच काय ते सांगा, अशा चेहऱ्याने. बाई खाली बघत होत्या. मी तोंड उघडणार, एवढ्यात चौथ्या रांगेतली खुर्ची सरकली. तिची आई उभी होती.

"सर," ती म्हणाली, "शाळा सुरू होईल त्या सकाळी मी हिला पहिल्या पायरीशी आणून सोडणार. घंटा किती वाजता द्यायची, ते तुमचं तुम्ही ठरवा."

बोलताना तिची मान वर होती. आणि उत्तर येईपर्यंत ती काही खाली बसली नाही.