तिसरे घरटे

२ मे १९५८. सकाळचे सात वाजून दहा मिनिटे. ओहोटी लागली होती. मालवणपासून होडीने दोन तासांवर असलेल्या एका ओसाड खडकावर दाजीने माझे टोक कातळाला बांधले, मला वरच्या भोकातून गुहेत सोडले आणि मला धरून तो खाली उतरला. त्या दिवशी त्याने पाकोळी पक्ष्यांची तीनशे चाळीस घरटी खरवडून काढली. ती काढायला नको होती.

मित्रांनो, मी काथ्याचा दोर आहे. माझा जन्म खाडीच्या चिखलात झाला. नारळाची सोडणे, म्हणजे वरची साले, तिथे आठ महिने पुरून ठेवली होती. दाजीची मोठी बहीण नर्मदा हिने ती उपसली, लाकडी दांड्याने बडवली, धुतली आणि तळहातांवर वळून त्यांचे सुंभ केले. असे अनेक सुंभ पिळून १९५१ साली मी मनगटाएवढा जाड झालो.

माझे काम एकच होते: होळीनंतर समुद्र शांत असताना दाजीला गुहेत उतरवायचे आणि जिवंत वर आणायचे. वर होडीवाला गंगाराम पहाऱ्याला बसे.

“दाजी, मी जरा डोळो लावतंय. दोर नर्मदाक्कान वळलेलो आसा, माझी गरज नाय!”

“झोप, पण घोरू नको. पाखरां उठतली!” दाजी खालून ओरडे.

त्या गुहेबद्दल काय सांगू? भर दुपारीही आत काळोख असे. त्या काळोखात शेकडो पाकोळ्या उडत. प्रत्येकीच्या तोंडातून टक्‌टक् असा बारीक आवाज निघे. तो कातळावर आपटून परत येई आणि त्यावरून तिला वाट कळे. सात वर्षे मी त्यांच्या वाटेत लोंबकळलो. एकीचाही पंख मला लागला नाही. मुठीत मावेल एवढ्या त्या जिवाजवळ घरटे बांधायला चिखल नसतो, काटक्या नसतात. ती आपली लाळ थेंब थेंब कातळाला लावते, त्यात पिसे चिकटवते आणि वाटीएवढे घरटे उभे करते. त्यासाठी तिला कित्येक आठवडे लागतात. मी दोर आहे, मला श्वास नाही. पण गुहेत उतरताना दाजीचा श्वास थांबलेला मला दर वेळी जाणवे.

ही घरटी मुंबईमार्गे परदेशी जात. तिथे त्यांचे सार करून पितात म्हणे.

घरटे काढले की पाकोळी दुसरे बांधते, तेही काढले तर तिसरे; दर वेळी लाळ आटत जाते आणि पिसे वाढतात. तिसऱ्याला हात लावायचा नाही, त्यात पिल्ले होऊ द्यायची, हा दाजीच्या घराचा पिढ्यांचा नियम होता. फेरी झाली की तो माझ्या टोकाला एक गाठ मारी. दोन गाठी झाल्या की त्या वर्षी घरटी काढणे बंद; मग गाठी सोडून तो मला खुंटीला टांगे.

त्या वर्षी पहिली गाठ १५ मार्चला पडली. मग एप्रिलमध्ये मोठे उधाण आले. दहा दिवस एकही होडी निघाली नाही. २ मेला दाजी उतरला तेव्हा घरटी त्याला निराळी दिसली. लाळ कमी, पिसे जास्त. तो मला धरून तसाच लोंबकळत राहिला.

“गंगाराम, दोराक गाठी किती?”

“एक!”

“मगे ह्यो दुसरो फेरो,” दाजी म्हणाला आणि त्याने बांबूची खरवडणी चालवली. माझ्यावर गाठ एकच होती. मी खोटे बोललो नव्हतो, पण खरेही सांगितले नव्हते.

संध्याकाळी अंगणात पसरलेली घरटी पाहून नर्मदा थबकली.

“ही तिसरी आसत, दाजी.”

“तिसरी खंयची? एकच गाठ होती.”

“त्या उधाणाक माझो काथो खड्ड्यांतसून व्हावान गेलो. गुहा काय कोरडी ऱ्हवली आसतली? दुसरी घरटी दर्यान न्हेली. तेची गाठ कोणी मारली रे?”

२५ मेला दाजी खरवडणी न घेता मला घेऊन गेला. कातळावर एकतीस घरटी होती, कागदासारखी पातळ. पुढच्या आठवड्यात पाऊस लागला आणि समुद्र बंद झाला.

१९५९ साली गुहेत टक्‌टक् विरळ झाली होती. घरटी शहाण्णव. पाकोळ्या मेल्या की दुसऱ्या खडकावर गेल्या, हे मला माहीत नाही. माहीत असलेला कोणी मला भेटला नाही. दाजीने खरवडणी चुलीत घातली. लोक हसले. “दर्यात जाऊन पाखरां मोजतंस? मासे तरी मोज!” तरी तो दर वर्षी मोजायला जात राहिला, आणि गंगाराम त्याला नेत राहिला.

आता माझे पीळ सुटू लागले आहेत. मी पडवीत खुंटीवर असतो. मित्रांनो, एवढेच मागतो: मोजाल तेव्हा फक्त आपण घेतलेले मोजू नका. वारा, पाणी, आजार यांनी नेलेलेही त्यात धरा, आणि मगच हात पुढे करा.

शेवटची मोजणी ११ एप्रिल १९६७ ची आहे: एकशे अठरा घरटी. त्यांतल्या चव्वेचाळीसांत अंडी होती. यंदा, १९६८ साली, ३ एप्रिलला पुन्हा उधाण आले. त्याच दुपारी नर्मदेने खुंटीशी येऊन माझ्या टोकाला दर्याच्या नावाची गाठ मारली. होडी अजून खडकाकडे गेलेली नाही.